बहिरा कान

३ जून, सकाळ
यंत्र चाललं! जमिनीखालचा पाईप कुठे गळतोय ते ऐकून बरोब्बर त्या जागी वाजतं. नाव ठेवलंय 'कान'.
संकल्प : कुणाला सांगायचं नाही. ग्रँट सरकारची, लॅब सरकारची, चहासुद्धा सरकारी. पण डोकं माझं ना? मग फायदाही माझाच.

५ जून
नोकरीत असताना कंपनी काढता येत नाही. मेहुण्याच्या नावावर काढतो. त्याला यातलं ओ की ठो कळत नाही. म्हणजे एकदम सेफ.
कान लॅबमधून भंगाराच्या भावात सुटावा म्हणून रिपोर्टात लिहिलं : यंत्र बहिरं. पाईप सोडून माणसांच्या पोटातली गुडगुड ऐकतं. अगदीच खोटं नाही. गुडगुडही ऐकतं.

११ जून
साहेबांनी रिपोर्ट लगेच मान्य केला. इतक्या लगेच करायला नको होता. टेक्निशियनबाई म्हणाल्या, सर, तुमच्याकडून हीच अपेक्षा होती. कौतुकच असणार.

१४ जून
कान भंगारात निघाला, मेहुण्याने उचलला. बायको भडकली. म्हणे, बिघडलेली वस्तू माझ्याच भावाच्या गळ्यात मारलीत? सांगितलं, अगं, बिघाड फक्त रिपोर्टात आहे. म्हणे, मग पगार कसला घेता?
बायकांना टेक्नॉलॉजी समजावणं अवघड.
मेहुण्याशी लेखी काही केलं नाही. घरच्या घरात कागद कशाला?

२० ऑगस्ट
पेपरात मेहुण्याचा फोटो. 'तरुण संशोधकाचा चमत्कारी कान'. माझं नाव कुठेच नाही. पोरगा गुप्तता छान पाळतो. फोनही उचलत नाही.

५ सप्टेंबर
शेवटी घरीच गाठला. म्हटलं, शोध माझा आहे. तर म्हणे, भाऊजी, तुमचा कान बहिरा होता, रिपोर्टाखाली तुमचीच सही आहे. आमचा ऐकतो.
बायको म्हणाली, बरोबर बोलतोय तो.
संकल्प : उद्या खडसावायचं.

१२ ऑक्टोबर
लॅबच्या तळघरात पाणी. साहेबांनी सरकारी खर्चाने कान मागवला, मेहुण्याकडूनच. चालवायला मी पुढे झालो. मेहुणा साहेबांना म्हणाला, यांना नको, रिपोर्ट वाचलाय मी. कान टेक्निशियनबाईंच्या हातात. माझ्या हातात बादली.
सकाळपासून उपाशी होतो. बाई कान फिरवत फिरवत माझ्यापाशी आल्या आणि तो जोरात वाजला. साहेब खूश. म्हणाले, सापडली गळती!
म्हटलं, साहेब, पोट आहे.
म्हणाले, हलू नका. तुमच्याभोवती खडूने खूण करून घेतोय, इथेच खणायचंय.