आजी जेवली का?

१८ मे २०२५

सासूबाई गेल्या. सकाळी, चहा अर्धा ठेवून.

दिपेशला कळवलेलं नाही. कळवणारही नाही. लिहून ठेवते, म्हणजे माझं मन फिरायला नको.

काल दिवसभर एकच विचारत होत्या, "दिपेश आयला का?" वाटेत आहे, म्हटलं. हसल्या. कपाळावरचा पदर नीट केला, नातू येणार म्हणून!

१९ मे

अग्नी शहाजीने दिला, चुलतदिराच्या मुलाने. हे असते तर ह्यांनी दिला असता. हे नाहीत, म्हणजे हक्क नातवाचा. नातू अमेरिकेत.

स्मशानातून माणसं परतली आणि नणंद, गोजराबाई, ओटीवर सगळ्यांच्या देखत बोलल्या, "वयनी, माझ्या आयला दुसऱ्याच्या पोरानं अग्नी दिला. कशापायी? एका कारडापायी! रेशनचा कारड हाय का तो?"

रेशनचं नाही. पण कसं समजावू? दिपेशची पदवी झाली. तिथे बाहेरच्या मुलाला शिकून झाल्यावर नोकरी करायची तर सरकारचं परवान्याचं कार्ड लागतं. अर्ज गेलाय, कार्ड यायचंय. ते यायच्या आत देशाबाहेर पडला तर परत आत घेतीलच, असं नाही. कंपनीने जागा धरून ठेवलीय, कार्ड दाखव आणि ये, म्हणतात. मी सगळं मोबाइलवर वाचलंय, शेजारी शब्दकोश घेऊन, एकेक ओळ.

एवढंच म्हटलं, "ताई, कळवलं तर तो विमानात बसेल."

"बसूं दे ना!"

"मग परत जाता यायचं नाही."

"नको जाऊं दे! घर हाय, चालीच्या खोल्यांत भारोत्री हायेत, काय कमी हाय त्याला?" आणि मग एकदम माझ्या खांद्यावर डोकं ठेवून रडल्या. मीही.

सगळ्यांना हात जोडले. स्टेटस लावू नका, फोटो टाकू नका. मंडळाच्या मुलांनी मात्र तोवर नाक्यावर श्रद्धांजलीचा बॅनर लावला होता. गावात रीतच आहे. राहू दे, म्हटलं. अमेरिकेतून घणसोलीचा नाका थोडाच दिसतो!

२० मे

फोन आला. पहिलं वाक्य — "आजी जेवली का?"

जेवली.

"काय जेवली?"

"तांदळाची भाकर. सुकट."

"तिखट आहे म्हणून बोलली असेल तुला."

"बोलली."

तो हसला नाही. डोक्यावर टोपी होती. घरात टोपी कशाला रे? तर म्हणाला, इथे एसी जोरात असतो.

२४ मे

आज 'झोपलीय' म्हटलं. खोटं बोलायला जड जात नाही. त्याचंच वाईट वाटतं.

२७ मे

दहावा. शहाजीने केस काढले. खाडीवर त्याच्याकडे बघवेना. ह्यांच्या वेळी तिथे दिपेश बसला होता. मग कितीतरी दिवस सासूबाई त्याच्या टकलावरून हात फिरवायच्या — "माझा गोटा गो!" मुलगा गेलेली बाई, पण तेवढ्यापुरती हसायची. केस वाढू लागले तेव्हा रुसल्या होत्या.

संध्याकाळी फोन. त्याच्याकडची सकाळ. कुठल्याशा तळ्याच्या काठाला बसला होता, टोपी कानापर्यंत ओढून. काय करतोस तिथे? "काही नाही, असाच. पाण्यात पाय सोडून बसलोय." मला राग आला. इथे आम्ही काय करून आलो, आणि हा सहलीला!

मग राग स्वतःवरच उलटला. त्याला मीच असं मोकळं ठेवलंय ना?

४ जून

कार्ड नाही. अर्ज आहे तिथेच.

११ जून

ह्यांच्यानंतर आम्ही दोघी एकाच खोलीत झोपायचो. दोघी विधवा. त्यांना अक्षर येत नव्हतं, मला नाद वाचायचा. "मनातल्या मनात काय वाचतेस, मोठ्यानं वाच," म्हणायच्या. पेपर, सानपाड्याच्या वाचनालयातली पुस्तकं, औषधाच्या बाटलीवरचा कागद, काहीही. मध्येच विचारायच्या, "मंग?"

आजही मोठ्याने वाचलं. पान संपलं, थांबले. कोणी 'मंग' म्हटलं नाही.

१९ जून

आज हद्द केली. "आजी काय म्हणते?" म्हणाला, आणि मी सांगून बसले की आजीला सीवूड्सच्या मॉलमध्ये नेलं होतं.

"खरंच? मग?"

सरकत्या जिन्याला घाबरली, म्हटलं. चप्पल काढून हातात घेतली, जिन्याला नमस्कार केला, मग पाय ठेवला. वर पोचल्यावर त्या वॉचमनला म्हणते, "बाला, आता याला जरा थांबव!"

एवढा हसला, एवढा हसला की डोळे पुसायला लागला. "अजून सांग ना, आई."

फोन ठेवल्यावर ओट्याला टेकून उभी राहिले. त्या मॉलला कधी गेल्याच नव्हत्या.

३ जुलै

मंजूर झालं! कार्ड पोस्टात पडलंय. मी देवाजवळ दिवा लावला आणि तिथेच बसून राहिले.

गोजराबाईंना सांगितलं. "आता तरी सांग त्याला, वयनी," म्हणाल्या. पूर्वीसारखं ओरडून नाही. त्यांनाही भीती वाटत असणार.

त्याच्या आजीला मी सांगितलं, तो वाटेत आहे. त्याला सांगत राहिले, ती जेवली. दोघांनीही विश्वास ठेवला. आता कुठल्या तोंडाने सांगू? तो मला आई म्हणायचा तरी राहील का?

कार्ड हातात पडू दे. मग एका दमात सांगायचं.

९ जुलै

कार्ड आलं. फोनसमोर धरून दाखवलं त्याने. मी वाक्य पाठ करून बसले होते. "दिपेश, तुझी आजी —"

"थांब, आई."

त्याने टोपी काढली. पेरभर केस, सगळे सारखे वाढलेले.

"बॅनरचा फोटो त्याच दिवशी मंडळाच्या ग्रुपवर आला होता. शोकाकुलमध्ये पहिलं नाव माझंच."

मग रोज का विचारत होतास रे?

"तू सांगायचीस ना, जेवली म्हणून."

मी पदराने फोनची काच पुसली. मग हळूच म्हणाला, "आज काय जेवली?"

तांदळाची भाकर, म्हटलं. आणि सुकट.