टेबलाची खाच

काल्हेर, ११ डिसेंबर २००६

प्रिय भाविका,

तू फोन उचलत नाहीस, म्हणून पत्र लिहायला बसलोय. तुझ्या आईला सांगितलेलं नाही, ती हसेल.

खरं सांगतो, तुझं शिक्षण मला अजून कळलेलं नाही. पाच वर्षं प्रॉडक्ट डिझाइन शिकलीस आणि दिवाळीच्या सुट्टीत आपल्या गोदामात तीन दिवस नुसती बसलीस. खोकी भरणाऱ्या कमळाकडे बघत, वहीत तिचे गुडघे नि कोपर काढत. चौथ्या दिवशी पुठ्ठे कापून बुटकं टेबल केलंस. तिला बसवलंस, परत कापलंस, परत त्यापुढे बसवलंस, असं पाच वेळा. शेलार गावचे पाहुणे तुला बघायला आले, तेव्हा तू डिंकाने माखलेली. मी सांगून टाकलं, मुलगी इंजिनीअर आहे, हा आपला सुट्टीतला खेळ. दुसऱ्या दिवशी बॅग भरलीस.

ते टेबल फाटायला लागलं, तरी बायका चिकटपट्ट्या लावून वापरत होत्या. मला वाटलं, पोरीच्या वस्तूचा मान राखावा. अंबाडी गावच्या लडकू सुताराकडून तसंच सागवानी करून घेतलं, वर पॉलिश. पुढच्या कडेला एक खाच होती. तुला पुठ्ठा कमी पडला असेल असं समजून ती बुजवून घेतली. नारळही फोडला. कमळा दोन दिवस त्याच्यापुढे बसली आणि पुन्हा फाटक्या पुठ्ठ्याकडे गेली. मी जरा चिडूनच विचारलं. ती म्हणाली, “शेठ, माजा डावा पाय वाकत न्हाय. पोरीनं त्याला जागा ठेवली व्हती.”

बारा वर्षं कमळा आपल्याकडे आहे आणि मला हे माहीत नव्हतं. लाज वाटली गं. आता गोदामात गेलो की मीही बायकांच्या हातापायांकडे बघत बसतो. काय बघायचं असतं ते मात्र कळत नाही. खाच मी स्वतः करवतीने कापली, वाकडी आलीय.

बंगळूरच्या नोकरीचं जे पत्र न वाचताच मी नको म्हटलं, ते तू टेबलावर टाकून गेलीस. काल शब्दकोश घेऊन वाचलं. अर्धं डोक्यावरून गेलं, पण तू जा. शेलारला जाऊन मी खरं सांगणार आहे. फक्त तिथं सांगू काय, तेच सुचत नाही. आपली पोरगी काय काम करते, ते एका ओळीत लिहून पाठव. मी पाठ करून जाईन.

तुझाच गोंधळलेला
बाबा