उम्म कमालचं पाणी आणि माझी रजा

महबूला, कुवेत
२२ नोव्हेंबर २००४

तीर्थरूप मामांच्या चरणी,

उदयचा साष्टांग नमस्कार. (आमच्या फ्लॅटमध्ये साष्टांग घालायला गेलं तर पाय फ्रिजला लागतात, पण मनाने पूर्ण घातला आहे असं समजावं.) आम्ही सगळे खुशाल आहोत. तुमच्या सूनबाईची, जुईलीची, सर्दी गेली. कौमुदी नववीत आहे. मराठीत विचारलं की इंग्रजीत उत्तर देते, पण वरणभात अजून मराठीतच मागते. तुमची आणि मामींची प्रकृती कशी आहे ते सविस्तर कळवावं. मागच्या पत्रात तुम्ही नुसतं 'ठीक' लिहिलं होतं आणि पुढे दोन पानं फणसाबद्दल होती.

आता मुख्य विषय. तुमचं सहस्रचंद्रदर्शन ९ जानेवारीला ठरल्याचं कळलं. बाबा गेले तेव्हा तुम्ही मला हाताला धरून घरी आणलंत, शिकवलंत, आणि मी केमिस्ट्री घेतली तेव्हा 'हे काय असतं?' असंसुद्धा विचारलं नाहीत. त्या दिवशी तुमच्या पाया पडायला मी नसलो तर ते जन्मभर मनाला लागून राहील. पण आमच्या प्लँटचं वार्षिक शटडाऊन नेमकं १ जानेवारीला सुरू होतं, आणि शटडाऊनमध्ये रजा मागणं म्हणजे मुंजीत ऐन मुहूर्तावर बटूने 'मी जरा जाऊन येतो' म्हणण्यासारखं आहे. तरी मी अर्ज दिला. आमचा मुदीर, म्हणजे मोठा साहेब, कमाल, माणूस भला आहे. त्याने अर्ज वाचला, मान हलवली आणि ड्रॉवरमध्ये ठेवला. त्या ड्रॉवरमधून कागद परत वर आलेला मी बारा वर्षांत दोनदाच पाहिला आहे.

इथे कमालच्या आईचा प्रवेश होतो. तिला सगळे उम्म कमाल म्हणतात, कमालची आई. वय सत्तरीच्या पुढे, आवाज खणखणीत, गुडघे वाईट. ती दर उन्हाळ्यात गुडघ्यांसाठी चेक देशात कार्लोवी व्हारी नावाच्या गावी जाते. (इथले पुष्कळ लोक जातात. आपल्याकडे जसं हवापालटाला महाबळेश्वर, तसं.) तिथे जमिनीतून ऊन पाण्याचे झरे येतात, ते पाणी प्यायचं आणि त्यात डुंबायचं. या वर्षी परत येताना तिने त्या पाण्याचे चार मोठे कॅन आणले. घरातल्या स्वयंपाकी मंडळींवर तिचा विश्वास नाही. गेल्या वर्षी त्यांनी त्याचा चहा केला होता. तेव्हा तिने मुलाला विचारलं, तुझ्या ऑफिसात पाण्याचा इंजिनिअर कोण? आणि ड्रायव्हर कॅन घेऊन थेट आमच्या दारात. रमजान सुरू झाला की एकेक पाठवायचा, तोवर नीट सांभाळायचा. जुईलीने ते देवघराखाली ठेवले.

पाण्यासोबत एक जाडजूड इंग्रजी माहितीपुस्तकही आलं होतं. ते मी शुक्रवारी हातात घेतलं आणि दोन शुक्रवार खाली ठेवलं नाही. मामा, कार्लोवी व्हारीचा हा प्रांत चेक देशाच्या पश्चिम टोकाला, दोन बाजूंनी जर्मनीला टेकलेला. आपल्या रत्नागिरी जिल्ह्याच्या निम्म्याहूनही लहान आणि वस्ती जेमतेम तीन लाख. उत्तरेला डोंगर, त्यांचं नावच खनिजांवरून. तिथे पूर्वी चांदी निघायची. चांदी संपल्यावर युरेनियम निघालं. डोंगराखाली मातकट कोळसा, जवळच पांढरी शुभ्र चिनी माती. त्या मातीच्या त्यांनी कपबश्या केल्या आणि जगभर विकल्या. (आपल्याकडे जांभा आहे, आपण त्याचे कुंपणाला गडगे घातले.) शिवाय काच, व्हायोलिनं, जडीबुटीची कडू दारू, आणि ताटाएवढी पातळ गोड बिस्किटं, जी पाणी प्यायल्यावर तोंड सुधारायला खातात. गावाच्या मधून एक नदी वाहते, तिच्या नावाचा अर्थच कोमट. एका राजाचा शिकारी कुत्रा हरणामागे धावताना कढत पाण्यात पडला आणि केकाटला, म्हणून गावाचा शोध लागला असं सांगतात. एवढं सगळं असून प्रांताचं नाव कशावर? तर कढत पाण्यावर, 'व्हारी' म्हणजे उकळते झरे. सर्वांत मोठा झरा सहा-सात पुरुष उंच उडतो. लोक चोच असलेला कप घेऊन खांबांच्या लांबलचक पडवीतून हळूहळू चालतात आणि चिमणीसारखे घोट घेतात. किती कप, कोणत्या झऱ्याचे, हे डॉक्टर लिहून देतो. हॉटेलं, डॉक्टर, कपवाले, बिस्किटवाले, सगळ्यांच्या चुली त्या पाण्यावर पेटतात.

मी मात्र पुस्तकाच्या शेवटचा तक्ता पाहून दचकलो. लिटरला सहा ग्रॅमच्या वर क्षार! असलं पाणी मी आमच्या बॉयलरला घातलं तर मला दुपारच्या विमानाने परत पाठवतील. आणि ते लोक पोटात घालतात. त्यातच रमजानच्या चार दिवस आधी मी कॅन उघडून पाहिले, तर तळाला तांबूस गाळ, वर पिवळट तवंग, आणि वास म्हणाल तर गंजलेल्या बादलीचा. म्हातारीचं पाणी माझ्या घरी नासलं, तर अर्ज ड्रॉवरमध्येच मुरणार.

तेव्हा मी काय केलं ते नीट ऐका. बारा वर्षं मी एकच काम करतो आहे: पाण्यातले क्षार काढणं. हात आपोआप चालतात. अम्गऱ्याच्या भंगार बाजारातून दोन नळकांडी आणि एक छोटा पंप आणला, ऑफिसातून क्षार शोषणारे दाणे मागून घेतले, आणि बाथरूममध्ये दिवसभर बसून चारही कॅन गाळले. पाणी कसं निघालं म्हणून सांगू! काचेसारखं. मीटर लावला तर क्षार जवळजवळ शून्य. बॉयलरने आशीर्वाद दिला असता. मी जुईलीला आणि कौमुदीला बोलावून मीटर दाखवला. कौमुदीने मीटर पाहिला, पुस्तकातला तक्ता पाहिला आणि म्हणाली, "बाबा, देन व्हॉट इज लेफ्ट इन इट?"

मामा, मी बाथरूमच्या स्टुलावर बसलो तो जेवायलासुद्धा उठलो नाही. सबंध चेक प्रांताची अर्थव्यवस्था ज्यावर उभी आहे ते सगळं मी मोरीत सोडलं होतं.

पुढे जे झालं ते आणखी वाईट. रमजान लागला, पहिला कॅन गेला, आणि आठवड्याने कमालने मला केबिनमध्ये बोलावून माझा हात दोन्ही हातांत धरला. आईला या वर्षीचं पाणी फार मानवलं म्हणे. वास नाही, पोट बिघडत नाही, नमाजाला गुडघेसुद्धा बरे वाकतात. इंजिनिअर नीट सांभाळतो, असं तिने सगळ्या बहिणींना सांगितलं होतं. एवढं बोलून त्याने ड्रॉवर उघडला आणि माझा अर्ज टेबलावर ठेवला. सही केली नाही, पण ठेवला. मी नुसतं गप्प बसायचं होतं. पण तुम्ही मला गप्प बसायला शिकवलंच नाहीत, त्याची या वेळी फार अडचण झाली. तीन आठवडे मला जेवण गोड लागलं नाही.

शेवटी ईदला चिरोट्यांचा डबा घेऊन त्यांच्या घरी गेलो आणि उम्म कमालसमोर, माझ्या मोडक्या अरबीत आणि उरलेलं कमालकरवी, सगळं सांगितलं. कमालचा चेहरा उतरला. म्हातारी मात्र अशी हसायला लागली की तिला पाणी द्यावं लागलं. (साधं.) म्हणाली, बारा उन्हाळे ते घाणेरडं पाणी प्याले, आणि गुण आला तो नळाच्या पाण्याने! मग चिरोटा खात तिने विचारलं, तुमच्या देशात गुडघ्यांना काय करतात? मी आपल्या गावच्या उन्हाळ्याबद्दल, म्हणजे ऊन पाण्याच्या झऱ्याबद्दल सांगितलं: देवळाखाली दगडी कुंड, बारमाही ऊन पाणी, ना कप, ना डॉक्टर, ना तिकीट. तिने तीनदा 'माशाल्ला' म्हटलं आणि कमालला काहीतरी बजावलं. ईदची सुट्टी संपली त्याच दिवशी अर्ज सही होऊन माझ्या टेबलावर!

तेव्हा मामा, मी येतो आहे. ६ जानेवारीला पोचतो. मामींना सांगा, मला फक्त कुळथाचं पिठलं आणि भात हवा. मन अगदी तृप्त आहे.

तुमचा आज्ञाधारक,
उदय

ता. क. अर्जावर सहीखाली अरबीत एक ओळ होती, ती ऑफिसातल्या मुमताजने आज वाचून दाखवली. 'रजा मंजूर. सोबत मी, माझी आई आणि दोन मावश्या. परतीची तारीख आईचे गुडघे ठरवतील.' तरी शत्रुघ्न गवंड्याला सांगून पडवीच्या टोकाला खुर्चीसारखा संडास तातडीने बांधून घ्यावा.

ता. क. २. ही मंडळी खांबांच्या पडवीतून फिरलेली आहेत. तेव्हा कुंडाच्या वाटेवर म्हशी दुपारपर्यंत येऊ देऊ नयेत. कान तुटलेले कपही काढून ठेवावेत.

ता. क. ३. मामा, रागावू नका. कुंडाबद्दल सांगताना बोलण्याच्या भरात मी उम्म कमालला असंही सांगितलं की माझे मामा चाळीस वर्षं रोज पहाटे त्या कुंडात उतरतात आणि ऐंशीव्या वर्षी देवळाच्या पायऱ्या काठीशिवाय चढतात. अंड्यांचा वास येतो म्हणून तुम्ही माझ्या मुंजीनंतर त्या कुंडाकडे फिरकला नाहीत, आणि तुमच्याकडे घरातली एक आणि अंगणातली एक अशा दोन काठ्या आहेत, हे मला ठाऊक आहे. अजून साडेसहा आठवडे आहेत. कृपा करून उद्यापासून रोज उतरावं. मामींना मी फोनवर सांगून ठेवलं आहे. आणि गुण नाहीच आला, तर काठ्यांसकट उम्म कमालच्या शेजारी कुंडात पाय सोडून बसा आणि खरं काय ते सांगून टाका. ती हसेल. माझी रजा तोवर सुरू झालेलीच असेल.