पहिल्या रांगेतल्या बायका

राहू, ता. दौंड
१२ जानेवारी २०२५

ती. सौ. प्रगतीताईस,
धाकट्या रविराजचा शि. सा. न. वि. वि.

तुझा फोन आला तरी तुझे सासरे आबा समोर बसलेले असतात, हे तुझ्या नुसत्या हुंकारावरून कळते. म्हणून हे पत्र दुधाच्या टेम्पोतून पाठवीत आहे.

भीमेवरचा पूल केव्हाच उभा राहिला. तुमच्या वस्तीकडचा जोडरस्ता तेवढा उरला, आणि तो आबांनीच अडवला आहे. मागणी काय, तर मुरूम त्यांच्याच खाणीतला, त्यांच्याच डंपरने यावा. या कामावरचा अभियंता म्हणून मी तो पाहिला. ती निव्वळ माती आहे. नकार देताच आबा चारचौघांत म्हणाले, "पाव्हणं, रस्ता कागदावं लई देखणा हाय. तितंच चालवा गाड्या." लोक हसले.

मी पोलीस बंदोबस्ताचा अर्ज दिला आहे. तो मंजूर होईल. त्यात एकही त्रुटी नाही. त्या दिवशी तू घरात राहा. तुझ्या शिक्षिकेच्या नेमणुकीचे काय झाले? रस्ता झाला की अर्ध्या तासात माहेरी येशील, असे आई सर्वांना सांगत सुटली आहे.

माया आहेच, ती उणी होऊ देऊ नये.
तुझा,
रविराज


१५ जानेवारी

चि. रविराज यास,
अनेक आशीर्वाद.

नेमणूक निश्चित झाली. पोलिसांकडून चारित्र्याची पडताळणी तेवढी बाकी आहे. पेढे तूच आणायचेस. येताना टोपी घाल. उन्हाने डोके उघडे पडत चालले आहे आणि लग्न अजून व्हायचे आहे.

तुझा अर्ज निर्दोष असणारच. शाळेतही तुझ्या वहीत खाडाखोड नसे. परंतु येथील रीत तुला ठाऊक नाही. काल बैठक झाली. पुरुष मागे राहणार, कारण अंगावर गुन्हे नकोत. जेसीबीपुढे बायका बसणार. महिला पोलिसांवाचून त्यांना कोणी हात लावीत नाही. पहिल्या रांगेत मी. आबा म्हणाले, "सूनबाईला म्होरं बसवा. सख्खा भाऊ बहिणीवं जेसीबी घालतुय व्हय?" मुरूम वाईट आहे, असे मी घरात बोलून पाहिले. ह्यांनी एवढेच विचारले, की तुला नांदायचे कोणत्या घरात आहे.

म्हणून सांगते, महिला पोलीस मागू नकोस. बंदोबस्त एकदा रिकामा परत जाऊ दे. तेवढ्या अवधीत मी ह्यांचे मन वळवीन.

आठवण ठेव, म्हणजे झाले.
तुझी,
ताई


१७ जानेवारी

ती. सौ. ताईस,
शि. सा. न.

महिला पोलीस मागितले आहेत. अर्धा बंदोबस्त म्हणजे अर्धे डांबर. ते माझ्या हातून होणे नाही. तू वेळीच उठून बाजूला हो. शिकलेल्या बाईला एवढे अवघड नसावे.

रविराज


२० एप्रिल

चि. रविराज यास,
आशीर्वाद.

रस्ता उत्तम झाला, हे प्रथम लिहिते.

बंदोबस्ताच्या दिवशी मला दोन महिला पोलिसांनी दंडाला धरून उचलले. त्यांतली एक कानाशी म्हणाली, "ताई, पाय उचला, फरफटाल." परक्या मुलीने एवढे केले. तू हाकेच्या अंतरावर लेव्हलच्या यंत्राला डोळा लावून उभा होतास. "ताई, ऊठ," एवढे तू म्हणाला असतास तर सर्वांदेखत उठले असते. मग नांदणे राहो वा जावो.

पुढे आठवड्यातच आबांचे डंपर तुझी खडी वाहू लागले. तुझा मुरूम शुद्ध राहिला, त्यांच्या गाड्यांना काम लागले. एवढेच आधी सुचते तर! आता आबा तुला "आमचं रविराव" म्हणतात.

गुन्हा मात्र पहिल्या रांगेवर नोंदला गेला. फिर्याद तुझ्या सहीची. मी ती वाचली. माझे नाव, वय, पत्ता. एकही त्रुटी नाही. पडताळणीत तो गुन्हा निघाला आणि नेमणूक थांबली.

त्याची विचारणा करण्यास काल पुण्याला निघाले. एसटी तुझ्या रस्त्याने, पुलावरून गेली. एक हादरा बसला नाही. राहूच्या थांब्यावर आई उभी होती. येणाऱ्या प्रत्येक गाडीकडे ती अशीच पाहते म्हणे. कंडक्टरने विचारले, राहूला कोणी उतरणार का.

मी खिडकीची काच लावून घेतली.

लोभाचे मागणे या खेपेस करीत नाही.

प्रगती