मुद्देमालाला नैवेद्य

गडब, ता. पेण
५ जून १९९७

तीर्थरूप दिनानाथमामांच्या पायांशी भाचा कमळाकर याचा साष्टांग नमस्कार. (गुडघा धरलाय, त्यामुळे नमस्कार खुर्चीत बसूनच घातला आहे, पण तुम्ही तो साष्टांगच धरावा.) मामींचं पित्त आता कसं आहे? रोह्याला पाणी वेळेवर येतं का? आमच्याकडे बरं म्हणावं असं काही नाही, पण 'इकडील सर्व क्षेम' लिहायची रीत आहे म्हणून लिहितो. इकडील सर्व क्षेम. आता खरं काय ते सांगतो.

तुमचं कार्ड पोचलं. कार्ड उघडं असतं, त्यामुळे ते आधी पोस्टमनने वाचलं, मग नाक्यावर वाचलं गेलं आणि सगळ्यांत शेवटी मी वाचलं. नम्रताच्या लग्नाला सख्खी आत्या, म्हणजे आमची आई, आली नाही, हळदीला तिची वाट बघून बघून शेवटी शेजारणीला उभं करावं लागलं, हे वाचून जीव तुटला. तुम्ही रागावलात ते रास्तच आहे. पण 'भाद्रपदातला गणपती मे महिन्यात घरात बसलाय असल्या थापा लहान पोराला मारा' असं जे तुम्ही लिहिलंत ना मामा, ते मात्र काळजाला लागलं. थाप नाही. गणपती बसलाय. हे पत्र लिहितोय तोही त्याच्याच समईच्या उजेडात, कारण लाइट गेली आहे. आणि तो या गेल्या भाद्रपदातलाही नाही, चौऱ्याण्णव सालचा आहे.

झालं असं. आपला पाट श्रावणात पेणला कारखान्यात नेऊन द्यायचा, मागे खडूने नाव घालायचं आणि हरतालिकेला जाऊन त्याच पाटावर बसलेला देव आणायचा, ही आपली रीत. मी त्या वर्षी फेट्यातला गणपती सांगितला होता. (फेटा आईने सांगितला. बाबा गेल्यापासून घरात फेटा नाही, निदान देवाला तरी असू दे म्हणाली.) हरतालिकेला संध्याकाळी कारखान्यात हीऽऽ गर्दी, त्यात वीज गेलेली, आणि रंगाच्या ओल्या हातांनी पाटावरचा खडू पुसलेला. तिथल्या कामगाराने माझा गणपती उचलला आणि दिला दुसऱ्याच माणसाच्या हातात. तो माणूस म्हणजे जिते गावचा गुणाजी, मिठागरात राबणारा साधा गडी. त्याने देवाचं तोंड रुमालाने झाकलं, 'मोरया' म्हटलं आणि गाडी पकडून घरी गेला. त्याचा स्वतःचा गणपती त्याच्याच पाटावर कारखान्यात बसून राहिला. आता मला सांगा, चोर कधी आपला माल ठेवून दुसऱ्याचा नेतो का? शेंबड्या पोराला कळेल. पण मामा, पंचनाम्यात जे नाही ते जगात नाही, हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं.

मी ठाण्यावर गेलो तो तक्रार द्यायला नव्हे, हे तुमच्या गळ्याची शपथ घेऊन सांगतो. गर्दी आवरायला पोलिसांनी नाक्यावर भोंगा लावला होता. त्यावरून 'फेट्यातला गणपती चुकून कोणी नेला असल्यास परत आणावा' एवढं ओरडा, इतकीच माझी विनंती. पण तिथे पोपटराव हवालदार बसले होते. माणूस वाईट नाही हो, पण त्यांच्या डोक्यावर आकड्यांचं भूत. वर पाठवायच्या तक्त्यात चोऱ्या झाल्या किती आणि उघडकीला आल्या किती, असे दोन रकाने असतात म्हणे. पहिला रकाना भरून वाहत होता आणि दुसऱ्यात भोपळा. अशा वेळी दुपारपर्यंत हमखास उघडकीला येणारी चोरी आपल्या पायांनी चालत आली म्हटल्यावर ते मला सोडतात होय? मी म्हणतोय चुकून, ते लिहितायत चोरी. मी म्हणतोय नेला, ते लिहितायत लबाडीच्या इराद्याने लंपास केला. गावाला जायची शेवटची गाडी सुटत आलेली, मला घाई. केली सही.

दुसऱ्या दिवशी पोलीस जित्याला पोचले तेव्हा गुणाजीच्या घरी आरती चालली होती. पोलीसही आपलेच, चपला काढून उभे राहिले, टाळ्या वाजवल्या, मंत्रपुष्पांजलीला फुलं वाहिली, प्रसादाचा मोदक खाल्ला, आणि हात धुऊन त्याला अटक केली. देवालाही जीपमध्ये घातलं. मोदकाच्या हाताला सुतळीने लाखेची मोहर बांधली आणि चिठ्ठीवर नंबर टाकला. झाला मुद्देमाल! गुणाजीला दोन दिवसांनी जामीन मिळाला. देवाला जामीन असतो की नाही ते अजून कोणी सांगितलेलं नाही. आम्ही त्या वर्षी सुपारी पुजली.

अनंत चतुर्दशी झाली, गावोगावचे गणपती गेले, आणि वकिलांनी अर्ज केल्यावर ऐन पितृपक्षात आमच्या दारात देव आला. सुपूर्तनाम्यावर आला, म्हणजे देव सरकारचा, सांभाळायचा मी, आणि कोर्ट मागेल तेव्हा जसाच्या तसा हजर करायचा. मी म्हटलं, आता एकदाचं विसर्जन करून टाकू. वकील खुर्चीतून उठलेच. विसर्जन म्हणजे पुरावा नष्ट करणं, म्हणाले, गुणाजी राहील बाजूला आणि आत जाशील तू. मी भटजींकडे धावलो. ते म्हणाले, प्राणप्रतिष्ठा रीतसर झालेली आहे (त्यांच्याच मावसभावाने जित्याला केली), उत्तरपूजा केली की देव पाण्यात घालायलाच हवा, आणि पाण्यात घालायचा नसेल तर रोज पूजा आणि रोज नैवेद्य. घ्या! कायद्याने बुडवायचा नाही आणि शास्त्राने उपाशी ठेवायचा नाही.

आणि इथे आपली आई मधे आली. ठाण्यावरच्या कोठीत देव गावठी दारूचे कॅन आणि चोरीची पाण्याची मोटार यांच्या मधे बिनफुलाचा, बिननैवेद्याचा बसला होता, एवढं तिच्या कानावर आलं आणि तिने डोळ्यांना पदर लावला. म्हणाली, देव घरातून जायपर्यंत या चुलीवर मासळी चढायची नाय आणि मी तर तोंडाला लावायची नाय. तिला वाटलं, आठ-पंधरा दिवसांचा प्रश्न. आम्हालाही तसंच वाटलं. मामा, तुमची बहीण खाडीकाठची, जवळ्याशिवाय तिला भात गिळत नाही, आणि तिला तीन वर्षं होत आली हो! शेजारी बोंबील तळतात तेव्हा ती उठून परसात जाते आणि आम्ही दुसरीकडे बघतो. हौसा (भाचेसून तुमची) माहेरी जाऊन खाऊन येते, मीही बाहेर खातो, खोटं कशाला बोलू. आई खात नाही. पूजा मी करीन म्हटलं तरी ऐकत नाही. देव सोडून घराबाहेर रात्र काढत नाही, म्हणून तर नम्रताची हळद चुकली.

तारखांचं काय सांगू? एकदा कोर्टाचे साहेब रजेवर, एकदा साहेबांची बदली, नवे साहेब आले तर सरकारी वकील नाहीत, ते आले तर पंच नोकरीला कतारला. मी उठून दोनदा सांगितलं की साहेब, ही चोरीच नाही, माझी तक्रार नाही, या माणसाला सोडा. साहेब चांगले आहेत, शांतपणे म्हणाले, तुमची साक्ष होईल तेव्हा सांगा. साक्ष कधी होईल? पुढच्या तारखेला. वकील म्हणाले, आपसात मिटवता आलं असतं, पण मालाची किंमत कमी असती तर. ती मी भारी सांगून बसलोय. (अहो, देवाची किंमत कमी कशी सांगणार? आईने फेटा करून घेतला होता!)

एका तारखेला मुद्देमाल हजर करण्याचा हुकूम निघाला. मांडीवर गणपती घेऊन एस.टी.त बसलो तर कंडक्टर अडला, की मांडीवर आहे म्हणून मूल धरू की पाटासकट आहे म्हणून लगेज. तेवढ्यात मागची एक म्हातारी पाया पडली, मग सगळी गाडी पाया पडली, आणि पेण येईपर्यंत पाटावर एवढी चिल्लर जमली की ती कोणाची, सरकारची की देवाची, हे विचारायला मला पुन्हा वकील गाठावे लागले. कोर्टाच्या आवारात कोणीतरी 'मंगलमूर्ती' म्हणून हाळी दिली आणि झाडाखाली बसलेले दिवाणी-फौजदारी सगळे पक्षकार एका सुरात 'मोरया' ओरडले. साहेब चिडून बाहेर बघायला उठले, देव समोर दिसला, आणि माणसाचे हात आपोआप जोडले गेले. मग त्यांनाच अवघडल्यासारखं झालं आणि त्यांनी पुढची तारीख दिली. त्याच दिवशी, मागच्या तारखेला पंक्चर झाली म्हणून आवारातच ठेवलेली माझी सायकल गेली. ही खरी चोरी, सोळा आणे चोरी. पोपटरावांकडे गेलो. ते माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, कमळाकरशेट, हरवली म्हणून लिहा. चोरी लिहिली तर ती सापडायला लागेल. म्हणजे बघा, जी झाली ती चोरी नाही आणि जी झालीच नाही तिच्यासाठी मिठागरातला माणूस रोजगार बुडवून तीन वर्षं हेलपाटे घालतोय. तक्त्यात मात्र तालुक्यात सगळं कसं चोख असेल!

गुणाजीचं नाव निघालं म्हणून सांगतो. पहिल्या तारखेला तो माझ्याकडे बघत नव्हता. दुसऱ्या तारखेला बघून थुंकला. तिसरीला मी पाणी दिलं. आता आम्ही कोर्टातून सुटलो की एकाच खानावळीत बसतो, फिर्यादी बांगड्याचं ताट घेतो आणि आरोपी त्याला सोलकढी वाढतो. त्याच्या मुलीचं लग्न दोनदा मोडलं, बाप गणपतीचोर म्हणून. हे त्याने जेवताना सांगितलं, आणि मामा, मी ताट बाजूला सारलं. मी काय करू? कोणाच्या पाया पडू? देवाच्या पडावं तर तो स्वतःच अडकलाय.

बरं, देवही आता थकलाय. शाडूच तो. मागच्या पावसात त्याचा डावा कान पडला. चिकटवायला घेतला तर वकील ओरडले, जसाच्या तसा ठेवायचाय, हात लावू नको, कानाचा वेगळा अर्ज करू. कान पितळी डब्यात ठेवला आहे. दर भाद्रपदात नवा गणपती येतो, जुन्याशेजारी बसतो आणि दीड दिवसात सुटून जातो. आम्ही 'पुढच्या वर्षी लवकर या' म्हणतो तेव्हा जुन्याकडे बघवत नाही.

तेव्हा राग सोडावा. नम्रताला आणि जावईबापूंना आशीर्वाद, मामींना नमस्कार. लोभ आहेच, तो या पत्रामुळे आटू देऊ नये.

आपला,
कमळाकर

ता. क. : मामा, आता मुद्द्याचं. तुमचा बर्फाचा टेंपो आहे. येत्या सोमवारी दुपारी आम्ही आईला पेणला डॉक्टरकडे नेणार, घराला कडी नसेल. तुम्ही या, गणपती उचला (डबा विसरू नका, कान आत आहे), बर्फाच्या गोणपाटात झाका आणि रोह्याला कुंडलिका नदीत घाला. जमल्यास वर एक आरती म्हणा. मी ठाण्यावर जाऊन चोरी झाली म्हणून सांगेन, पोपटराव 'हरवला म्हणून लिहा' म्हणतील, आणि सगळे सुटतील.

आणखी ता. क. : वरचं रद्द. पत्र आईला वाचून दाखवलं. सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, जल्लं मेलं तुमचं डोकं! गणपती पुन्यांदा गेला तर पोलीस पहिला कोनाला उचलतील? गुणाजीलाच ना? माझ्या डोक्यात हे आलंच नव्हतं, मामा. कोर्टात राहून राहून मलाही आता माणसं दिसेनाशी झाली आहेत.

टेंपो मात्र आणा. डॉक्टर गेल्या सोमवारी मला बाहेर बोलावून म्हणाले, काय मागतील ते खायला घाला. ती खाडीच्या चिखलातल्या निवट्यांचं कालवण मागते आहे, पण या घरात नको, माहेरी, तुमच्याकडे. तुम्ही तिला घेऊन जा. इथे देवाजवळ बसायला गुणाजी येतो आहे. रोजची पूजा, नैवेद्य सगळं तो करणार, आईने दुसऱ्या कोणावर भरवसा ठेवला नाही. काल दिवा लावून ती बराच वेळ देवासमोर बसली होती. म्हणाली, तू बस रे बाबा. तुजी तारीख लागंल तवा लागंल, माजी लागली.

निवट्या जरा मोठ्या बघून घ्या.