मेजर सातवा आणि त्याचे वाडवडील

३ सप्टेंबर
अध्यक्ष टिप्टन यांनी बोलावलं. मला वाटलं, मध्ययुगीन युरोपातल्या फ्रँक राजघराण्यांवरच्या माझ्या ग्रंथाला अखेर पैसे मिळणार. कसलं काय! विद्यापीठाच्या खेचराचा इतिहास लिहायचाय. फुटबॉलच्या मैदानात झूल घालून मिरवतात, त्या खेचराचा. परंपरेला शंभर वर्षं झाली म्हणून जाडजूड पुस्तक हवंय. वंशावळी हा तर तुमचाच प्रांत, प्रोफेसर, असं म्हणाले. नाही लिहिलं तर इतिहास विभाग क्रीडा व्यवस्थापनात विलीन. विभाग म्हणजे मी आणि एक बिघडलेला प्रिंटर.
निश्चय: उद्या बाणेदारपणे नकार देणार.

४ सप्टेंबर
होकार दिला. मनातून मात्र नकारच आहे.

९ सप्टेंबर
बॉस्टन सोडून टेनेसीत आल्याला अकरा वर्षं झाली. इतक्या वर्षांत एकही सामना पाहिला नाही, याचा मला अभिमान आहे. आता यांची जुनी पत्रकं वाचतोय. मेजर पहिला, त्याचे चिरंजीव मेजर दुसरा, त्याचे चिरंजीव मेजर तिसरा, असं थेट आजच्या सातव्यापर्यंत. माजी विद्यार्थ्यांच्या मेळाव्याला ही वंशावळ भर मैदानात वाचतात. बारा हजार माणसं टोप्या काढून उभी राहतात आणि प्रत्येक नावाला एका सुरात ओरडतात, 'अगदी बापावर गेलाय!' लायब्ररीच्या खिडक्या बंद केल्या तरी मला ऐकू येतं. यांना मतदानाचाही हक्क आहे.

बायकोने, लोरेटाने, विचारलं, काही मदत करू का. तिचं माहेर इथलंच, वडिलांकडे खेचरं होती. मी म्हटलं, बाई गं, हे संशोधन आहे. ती बरं म्हणाली.

१५ सप्टेंबर
मेजर सातव्याची प्रत्यक्ष भेट. त्याला स्वतंत्र तबेला, पंखा, रेडिओ. माझ्या ऑफिसात पंखा नाही. त्याने माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं, तसं फक्त विद्यापीठाचे विश्वस्त पाहतात. नंतर माझी हॅट खाल्ली.
निश्चय: रोज दहा पानं. नाश्त्याला पावासारखी बिस्किटं आणि त्यांवर ग्रेव्ही, हे इथलं खूळ बंद.

२८ सप्टेंबर
सापडलं!!
तिसऱ्या मेजरच्या आईचा कुठेच उल्लेख नाही. चौथ्याच्याही नाही. राजघराण्यात आई गायब असली की समजावं, पाणी मुरतंय. म्हणून ज्ञानकोश उघडला. खेचर म्हणजे गाढव आणि घोडी यांची संतती, इथपर्यंत ठीक. पुढे लिहिलंय, खेचराला पिल्लं होत नाहीत.
तीनदा वाचलं. म्हणजे कुणीच कुणाचा चिरंजीव नाही! शंभर वर्षं भर मैदानात धडधडीत खोटं! आणि ज्या गावात घरोघरी खेचरं होती, त्या गावात एकाच्याही लक्षात येऊ नये? डोकी नुसती टोप्या घालायलाच.
लोरेटालाही सांगणार नाही. बिचारीला धक्का बसेल.

५ ऑक्टोबर
बॉस्टनला प्रेस्कॉटला लिहिलं. कॉलेजात माझ्या मागे बसायचा, आता तिथे विभागप्रमुख आहे. त्यांच्याकडे एक जागा रिकामी आहे. लिहिलं, लवकरच माझं नाव ऐकशील.
ग्रेव्ही खाल्ली. आनंदात क्षम्य.

११ ऑक्टोबर
मेळाव्यात वंशावळ या वर्षी मीच वाचावी, असं टिप्टनना सुचवलं. जाता जाता म्हटलं, या घराण्यात मोठा घोळ आहे. ते एकदम गंभीर झाले. म्हणाले, प्रोफेसर, मेजरच्या आईबद्दल मात्र काही बोलू नका, फार सालस होती हो. मग रुमालात तोंड खुपसून खोकत बसले. घाबरले, दुसरं काय.

१९ ऑक्टोबर
लोरेटा म्हणाली, हल्ली सकाळी शिट्टी वाजवतोस. मी म्हटलं, पुढच्या शनिवारी कळेल. ती काहीतरी बोलणार होती, पण उठली आणि आणखी दोन बिस्किटांवर ग्रेव्ही ओतून आणली.
सोमवारपासून नक्की बंद.

२६ ऑक्टोबर, सकाळ
तो दिवस. खिशात भाषण, भाषणाच्या शेवटी राजीनामा. स्फोट करून ताठ मानेने चालू लागायचं. लोरेटाने टाय सरळ केला आणि विचारलं, नक्की बोलायचंय ना? तिला म्हटलं, इतिहास घाबरत नसतो.

२६ ऑक्टोबर, संध्याकाळ
बोललो. सभ्य स्त्रीपुरुषहो, हे घराणं खोटं आहे. मैदान चिडीचूप. मग एकेक शब्द तोडून म्हटलं, खेचराला मूल होत नाही.
एक हसला. मग शंभर. मग सगळे. वाटलं, धक्क्याने वेड लागलं. आवाज चढवून पुरावे दिले. टिप्टन कोचच्या खांद्यावर डोकं ठेवून रडत होते. मी ओरडलो, सहावा सातव्याचा बाप नाही! बारा हजार माणसं ओरडली, 'अगदी बापावर गेलाय!' राजीनामा वाचला. लोक उठून उभे राहिले, टोप्या हवेत उडाल्या. मी खाली उतरलो तेव्हा 'अगदी बापावर गेलाय!' पुन्हा एकदा झालं. या खेपेला मला उद्देशून.
एका म्हाताऱ्या बाईंनी हात धरला. म्हणाल्या, ही गंमत मी आजीच्या मांडीवर बसून ऐकली, पण इतक्या गंभीर चेहऱ्याने आजवर कुणाला जमली नव्हती रे बाबा.
गंमत. म्हणजे सगळ्यांना माहीत होतं. शंभर वर्षं.

२७ ऑक्टोबर
नोंद राहावी म्हणून लिहितो: मला अर्थातच पहिल्यापासून माहीत होतं. भाषण उपरोधिक होतं.
टिप्टननी राजीनामा फ्रेम करून तबेल्यात लावलाय. विभाग वाचला. वंशावळ आता दर वर्षी मीच वाचायची.

२ नोव्हेंबर
प्रेस्कॉटचं उत्तर. कुणीतरी भाषणाचा व्हिडिओ पाठवला, तो पाहून पोट दुखेस्तोवर हसला म्हणे. जागा भरली गेली. मात्र त्यांच्या क्लबच्या जेवणाला मी जरूर यावं. बोलायचं ते खेचरावरच, फ्रँक राजांवर नको.

३ नोव्हेंबर
जेवताना लोरेटाला सांगितलं, मला आधीपासून माहीत होतं. ती उठून भांडी घासायला लागली. मग पाठमोरीच म्हणाली, ज्ञानकोश तू खेचराच्या पानावर उघडा टाकून झोपला होतास, तेव्हाच मला सगळं कळलं. मी विचारलं, मग मला अडवलं का नाहीस? म्हणाली, अडवणार होते, तोंडाशी आलं होतं. पण लग्न झाल्यापासून तुला शिट्टी वाजवताना कधी ऐकलंच नव्हतं. वाटलं, शनिवारपर्यंत तरी वाजवू दे.
मी भांडी पुसली. पुसताना शिट्टी वाजवून पाहिली. जमली नाही.