पद्मिनीमावशींनी कापलेलं

३ जून
अमेरिकेत चँडलरला पोहोचले. पद्मिनीमावशी पस्तीस वर्षं पॅरिसमध्ये फ्रेंच सिनेमांच्या संकलक होत्या. आता मुलाकडे, देवांगदादाकडे राहतात. युनिव्हर्सिटीच्या संग्रहालयासाठी त्यांच्या सामानाची यादी करायची, हे माझं उन्हाळ्याचं काम. घर मोठं आणि कसलीच चव नसलेलं: अंगणात गवताऐवजी खडी, फ्रीजरमध्ये कधीचे कोण जाणे पराठे. पण माझी खोली स्वच्छ आहे, उजेड भरपूर. खूश आहे मी.

५ जून
गॅरेजमध्ये गाडीच्या जागी एडिटिंग टेबल. भिंतीभर खिळे आणि खिळ्यांवर फिल्मच्या कापलेल्या पट्ट्या. मावशींच्या मते फ्रेंच दिग्दर्शकांना स्वतःच्या बुटाची नाडीसुद्धा बांधता येत नव्हती. सिनेमे खरे यांनीच केले. असेल. सव्वीस सिनेमे, आणि प्रत्येकात नाव येतं ते लोक उठून पार्किंगकडे निघाल्यावर. संकलन मला बाबांनी सांगलीत घरीच शिकवलं, दहाव्या वर्षापासून. फ्रेम न मोजता पट्टी खाली ठेवली, तर जेवायला मिळायचं नाही. मावशींच्या पट्ट्यांवर धड चिठ्ठ्याही नाहीत.

८ जून
मावशींची पद्धत कळली. शंकेच्या शॉटवर पिवळ्या मेणपेन्सिलीने फुली मारायची, तो कापून खिळ्याला टांगायचा आणि रीळ लोकांना दाखवायचं. ‘ते कुठे गेलं?’ असं एकानेही विचारलं, तर शॉट परत जोडायचा. कुणी विचारलं नाही, तर गेला. याला त्या कला म्हणतात. बाबा आळस म्हणतील.

११ जून
एका पट्टीत याच घरातलं स्वयंपाकघर निघालं. हिरव्या ड्रेसमधली एक बाई कोथिंबीर निवडतेय. यादीत कुठे लिहावं कळेना, म्हणून देवांगदादाला विचारलं. त्याने पट्टी उजेडात धरली आणि हसला. कोण यार ही, मी तर बॅचलर आहे, म्हणाला. स्वतःच्या घरातलं काही ठाऊक नसलेला इंजिनियर.
त्याच्या उन्हाने रापलेल्या बोटावर अंगठीचा पांढरा वळ आहे.

१२ जून
सगळं घर शोधलं. फिल्मचा कॅमेरा कुठेच नाही. देवांगदादाच्या कपाटाची अर्धी बाजू रिकामी, हँगर तेवढे लटकताहेत.

१४ जून
दुपारी मावशींनी टेबलावर पट्टी लावून माझं मत विचारलं. पाठमोरी मुलगी दोन बॅगा ओढत दारातून आत येते. खांदे वर चढलेले, चाल भित्री, आपण कुणाच्या वाटेत येत नाही ना, असं सारखं बघणारी. मी खरं तेच सांगितलं: भरतीचा शॉट आहे, काढून टाका, काहीही बिघडत नाही. मावशी म्हणाल्या, चला, एक तरी शिकलेली भेटली. फुली मारली.
तेवढ्यात पट्टीतल्या मुलीने मान वळवली.
मी होते.

१५ जून
निघणार होते. कॅब दाराशी आली, ड्रायव्हरने माझ्यातून पलीकडे बघितलं, ट्रिप कॅन्सल केली. युनिव्हर्सिटीत फोन केला — तिथल्या बाई म्हणाल्या, त्या कामावर कुणाला पाठवलंच नाही. देवांगदादाने टेबलावर दोनच ताटं मांडली.
एकाने विचारलं तरी पुरे. एकानेच.

१६ जून
बाबांना फोन लावला. दोनदा नाव सांगितलं. ते फार सभ्यपणे म्हणाले — ताई, आपला काहीतरी घोटाळा होतोय, मला एकच मुलगा आहे.
मागे आई कुकर उतरवत होती. तिला द्या म्हटलं — त्यांनी ठेवला.

१७
पट्टी खिळ्यावर आहे — हात लावला तर बोटं —
मावशी दारात उभ्या. म्हणतात, वाईट वाटून घेऊ नकोस गं, शॉट वाईट नव्हता, पण तुझ्याशिवाय छान चाललंय की सगळं.
नाही चाललेलं. आईला कळेल. ती आत्ता पानं वाढत असेल — चौथं पान घ्यायला हात जाईल तिचा — थांबेल — आणि विचारेल, अहो, आपली ती